ग्रीक पुराणातली भाऊबंदकी: टँटलसचं घराणं एका तक्त्यात

ग्रीक पुराणकथा गावच्या वाचनालयात सांगायला घेतल्या की दोन-तीन दिवसांत पोरं गोंधळतात. दोष आपण अवघड नावांना देतो. खरं म्हणजे आपण गोष्ट आधी सांगतो आणि नातं नंतर. या कथांतले खून, सूड, शाप बहुतेक घरातल्या घरात झालेले आहेत. कोण कोणाचा कोण हे पक्कं झालं नाही, तर ट्रॉयवर गेलेल्या ग्रीक सैन्याचा सेनापती ॲगामेम्नॉन याला त्याच्याच बायकोने का मारलं हे कळणार नाही. म्हणून आधी तक्ता करा.

सुरुवात देवांचा राजा झ्यूस याच्यापासून करू नका, तिथेच बहुतेक तक्ते फसतात. झ्यूस टँटलसचा बाप आहे आणि हेलनचाही. त्याला वर बसवला तर हेलन आपल्या नवऱ्याच्या पणजोबांची सावत्र बहीण ठरते आणि एक रेघ सगळ्या पिढ्या कापत खाली येते. देवांना तक्त्यात जागाच देऊ नका. ज्याचा बाप देव, त्याच्या नावापुढे छोटी चांदणी काढा, बस.

दोन कार्डशीट आडव्या जोडून पाच ओळी आखा. डावीकडे टँटलसचं घराणं, उजवीकडचा तिसरा हिस्सा स्पार्टासाठी. पहिल्या ओळीत टँटलस. दुसरीत त्याची मुलं पेलॉप्स आणि नायोबी. तिसरीत पेलॉप्सची मुलं एट्रियस, थायेस्टीस, पिथियस आणि मुलगी निकिपी. पेलॉप्सची लेकरं याहून बरीच होती, पण एवढी पुरेत. चौथीत एट्रियसची ॲगामेम्नॉन, मेनेलाउस, ॲनॅक्सिबिया, थायेस्टीसचा एजिस्थस, पिथियसची एथ्रा, निकिपीचा युरिस्थियस. पाचवीत ॲगामेम्नॉनची ओरेस्टीस, इलेक्ट्रा, इफिजेनिया, मेनेलाउसची हर्मायनी, ॲनॅक्सिबियाचा पिलाडीस, एथ्राचा थिसियस. रक्ताचं नातं एका रेघेने, लग्न दुहेरी रेघेने.

निकिपीला पुष्कळ जण गाळतात आणि मग मायसीनीचं राज्य एट्रियसकडे आलं कुठून, याचं उत्तर सापडत नाही. हर्क्युलिसला बारा कामं सांगणारा युरिस्थियस हा निकिपीचा मुलगा, मायसीनीचा राजा. लढाईला जाताना त्याने राज्य मामाच्या, म्हणजे एट्रियसच्या हवाली केलं आणि तो परत आलाच नाही. भाच्याचं राज्य मामाला मिळालं, आणि त्याच राज्यावरून एट्रियस-थायेस्टीस या सख्ख्या भावांत वैर पेटलं. थायेस्टीसने भावजयीशी संधान बांधलं. एट्रियसने भावाच्या लेकरांना कापून त्यालाच जेवायला वाढलं.

आता उजवीकडची स्पार्टाची बाजू. तिसऱ्या ओळीत टिंडॅरियस आणि त्याचा भाऊ इकारियस. चौथीत टिंडॅरियसच्या घरातल्या क्लायटेम्नेस्ट्रा आणि हेलन, इकारियसची पेनेलोपी. दोघी बहिणी दोघा सख्ख्या भावांना दिल्या, क्लायटेम्नेस्ट्रा ॲगामेम्नॉनला आणि हेलन मेनेलाउसला, म्हणजे त्या बहिणीही आणि जावाही. पेनेलोपी त्यांची चुलतबहीण, म्हणून तिचा नवरा ओडिसियस हा मेनेलाउसचा चुलत साडू. हेलन ज्याच्या घरी जाईल त्याच्या पाठीशी बाकीच्या सगळ्यांनी उभं राहायचं, अशी शपथ मागणी घालायला आलेल्या राजांकडून घ्यावी, ही युक्ती ओडिसियसनेच टिंडॅरियसला सांगितली. बदल्यात त्याला पेनेलोपी हवी होती. पुढे हेलनला ट्रॉयला नेलं तेव्हा हीच शपथ सगळ्यांना बांधून घेऊन गेली; ट्रॉयच्या युद्धाची दोरी या सोयरिकीला बांधलेली आहे.

पाचव्या ओळीतली दोन लग्नं विदर्भातल्या पोरांना खास समजावून द्यावीत. ओरेस्टीस लहानपणी वाढला तो फोकिसमध्ये, आत्या ॲनॅक्सिबियाच्या घरी. आत्याचा मुलगा पिलाडीस त्याचा जिवलग, आणि त्याने पुढे लग्न केलं इलेक्ट्राशी, म्हणजे मामाच्या पोरीशी. हे आपल्याकडे बऱ्याच समाजांत चालतं. कौंडण्यपूरच्या रुक्मिणीचा मुलगा प्रद्युम्न यानेही मामा रुक्मीचीच मुलगी केली होती. ओरेस्टीसने मात्र हर्मायनीशी लग्न केलं. ती मेनेलाउस आणि हेलनची मुलगी, म्हणजे त्याची चुलतबहीणही आणि मावसबहीणही. आपल्याकडे असं स्थळ कोणी तोंडातूनही काढणार नाही. ग्रीकांना त्यात वावगं वाटलं नाही. पोरं इथे थांबून दोन्ही रेघा बोटाने मोजतात. मोजू द्या.

एथ्रा म्हणजे थिसियसची आई. थिसियसने हेलन अगदी लहान असताना तिला पळवून एथ्राच्या ताब्यात ठेवलं. हेलनच्या भावांनी बहिणीला सोडवलं आणि एथ्रालाच बंदी करून नेलं. होमरच्या इलियड या महाकाव्याच्या तिसऱ्या सर्गात हेलन ट्रॉयच्या तटाकडे निघते तेव्हा मागे चालणाऱ्या दासींत पिथियसची मुलगी एथ्रा आहे. तक्त्यावर बघा: ती मेनेलाउसची चुलतबहीण, म्हणजे हेलनची चुलत नणंद. नुसती गोष्ट वाचून हे लक्षात येणं कठीण. तिला पुढे सोडवायला आले ते तिचे नातू, आणि ते लढत होते ॲगामेम्नॉनच्याच सैन्यात. ओळ पिढी दाखवते, वय दाखवत नाही. भरल्या घरात काका पुतण्याहून लहान असतोच की.

दोन ठिकाणी हात अडतो. एजिस्थस हा थायेस्टीसला स्वतःच्याच मुलीपासून, पेलोपियापासून झालेला. म्हणून तो एकाच माणसाचा मुलगाही आणि नातूही. त्याला चौथ्या ओळीतच ठेवा, कारण सूड घेताना तो ॲगामेम्नॉनचा चुलतभाऊ म्हणूनच उभा आहे; पेलोपियाकडून एक तुटक रेघ आणा. दुसरी अडचण प्लाइस्थेनीसची. काही परंपरांत तो एट्रियसचा मुलगा आणि ॲगामेम्नॉनचा बाप. त्याला धरलं की ॲगामेम्नॉन एक ओळ खाली घसरतो आणि एथ्रा त्याची चुलत आत्या होते. होमरचं धरा आणि प्लाइस्थेनीस कोपऱ्यात लिहून ठेवा. दोन्ही मतं एकाच तक्त्यात कोंबली की सगळीच नाती बिघडतात.

शेवटी कोणी कोणाला मारलं ते लाल शाईने. टँटलसकडून पेलॉप्सकडे (त्याला देवांनी पुन्हा जिवंत केलं), एजिस्थसकडून एट्रियसकडे, क्लायटेम्नेस्ट्राकडून ॲगामेम्नॉनकडे, ओरेस्टीसकडून आईकडे. यातली क्लायटेम्नेस्ट्राची रेघ दुहेरी रेघेला छेदते, ओरेस्टीसची एकेरीला. सूडदेवता ओरेस्टीसच्या मागे लागल्या आणि त्याच्या आईच्या मागे का लागल्या नाहीत, याचं उत्तर इथे आहे. इसवी सनापूर्वी ४५८ मध्ये अथेन्समध्ये झालेल्या एस्किलसच्या नाटकात त्या स्वतःच सांगतात: नवरा तिच्या रक्ताचा नव्हता. खटल्यात मतं समसमान पडली आणि अथेना देवीच्या कौलावर ओरेस्टीस सुटला.

मग एखादं पोरगं विचारतंच: ॲगामेम्नॉनने पोटच्या इफिजेनियाचा बळी दिला, त्याचं काय? ही लाल रेघ तुटक काढा. एका कथेत ती ऑलिसला मरते आणि त्या मरणाचा जाब क्लायटेम्नेस्ट्रा मागते. दुसऱ्या कथेत आर्टेमिस देवी ऐन वेळी तिच्या जागी हरिणी ठेवून तिला दूर टॉरिसला नेते. पुढे ओरेस्टीस आणि पिलाडीस तिथे पोचतात आणि ज्या पुजारणीने त्यांना बळी द्यायचं असतं ती ओरेस्टीसची सख्खी बहीण निघते. म्हणून इफिजेनियाच्या नावाखाली चार बोटं कागद कोरा ठेवा.