माझा अनुभव: डेट्रॉइटच्या त्या क्वार्टरबॅकपायी गेलेले नऊ आठवडे

तो मुलगा आमच्याकडेच यायला हवा होता. हे मी आजही म्हणतो. चार स्टारचा (भरतीत मुलांना पाचपैकी स्टार देतात) क्वार्टरबॅक, म्हणजे संघाचा पास टाकणारा खेळाडू. राहणारा डेट्रॉइटचा, म्हणजे आमच्या ओहायोतल्या टोलेडोपासून आय-७५ हायवेने जेमतेम तासाभरावर. सगळ्यात आधी स्कॉलरशिप देऊ केली ती मी. नऊ आठवडे माझा निम्मा वेळ त्याच्या मागे गेला. आणि दहाव्या आठवड्यात यादी उघडली तर त्याच्या नावापुढे दुसऱ्याच कॉलेजचा लोगो.

हा मुलगा खरा नाही. तो ‘ईए स्पोर्ट्स कॉलेज फुटबॉल २५’ या गेममधला आहे, गेमनेच तयार केलेला. पण ज्यांनी या गेममधला डायनेस्टी मोड, म्हणजे प्रशिक्षक होऊन वर्षानुवर्षं एक कॉलेज चालवायचा प्रकार, खेळलाय, त्यांना माझी चिडचिड कळेल. ज्यांनी अजून सुरू केलेला नाही, त्यांचे नऊ आठवडे वाचावेत म्हणून हे लिहितोय.

आधी थोडं मागचं. मी साताऱ्याचा, क्रिकेटवर वाढलेला. टोलेडोला आल्यावर पहिली काही वर्षं मला हा अमेरिकन फुटबॉल म्हणजे नुसती ढकलाढकली वाटायची. चार प्रयत्नांत दहा यार्ड पुढे जायचं, नाही जमलं तर बॉल समोरच्याला, एवढं समजायलाच एक अख्खा हिवाळा गेला. पण शनिवारी टोलेडो विद्यापीठाच्या ग्लास बोल स्टेडियमकडे निघालेली निळी-सोनेरी गर्दी बघितली की आत काहीतरी हलायचं. काचेच्या कारखान्यांमुळे टोलेडोला ‘ग्लास सिटी’ म्हणतात, स्टेडियमचं नाव त्यावरूनच. ऑफिसातल्या एका सहकाऱ्याने २०१३ साली आलेला आधीचा कॉलेज फुटबॉल गेम खेळता यावा म्हणून आपला जुना कन्सोल अकरा वर्षं जपून ठेवला होता. कारण मध्ये गेम येणंच बंद झालं. एड ओबॅनन नावाच्या माजी बास्केटबॉलपटूने स्वतःलाच एका व्हिडिओ गेममध्ये पाहिलं, एक पैसाही न मिळता, आणि २००९ मध्ये कोर्टात गेला. २०१४ मध्ये निकाल त्याच्या बाजूने लागला. पुढे २०२१ पासून कॉलेजच्या खेळाडूंना आपल्या नावावर आणि चेहऱ्यावर पैसे कमावता येऊ लागले, तेव्हा कुठे गेमचा रस्ता मोकळा झाला. १९ जुलै २०२४ ला गेम आला. त्यात १३४ कॉलेजं आहेत, आणि खरी नावं वापरू देणाऱ्या प्रत्येक खेळाडूला ६०० डॉलर आणि गेमची एक प्रत मिळाली. मला हे फार बरं वाटलं. ज्यांच्या जिवावर खेळ चालतो त्यांना काहीतरी मिळायलाच हवं.

तर मी, माझी तेरा वर्षांची मुलगी आणि ऑफिसातले काही जण असे ऑनलाइन डायनेस्टीत उतरलो. एका डायनेस्टीत ३२ जणांपर्यंत खेळता येतं. बाकीच्यांनी ओहायो स्टेट, मिशिगन अशी बडी धेंडं घेतली. आम्ही टोलेडो घेतलं. कॉलेज फुटबॉलमधला नामांकित प्रशिक्षक निक सेबन पहिल्यांदा मुख्य प्रशिक्षक झाला तो इथेच, १९९० साली, आणि त्या वर्षी त्याने नऊ सामने जिंकून फक्त दोन हरले होते. तिथूनच सुरुवात करायची असं मनात होतं.

मैदानावरचा खेळ आठवड्याभरात हाताला बसला, त्याबद्दल फार सांगत नाही. अवघडपणाच्या चार पायऱ्या आहेत: फ्रेशमन, व्हार्सिटी, ऑल-अमेरिकन आणि हाइझमन. व्हार्सिटीपासून सुरू करा.

मी अडकलो तो भरतीत. रिक्रूटिंगमध्ये.

ती अशी चालते. देशभरातल्या शाळकरी खेळाडूंपैकी जास्तीत जास्त ३५ जण तुम्ही आपल्या बोर्डवर घेऊ शकता. गेममधल्या दर आठवड्याला तुम्हाला खर्च करायला ठरावीक तास मिळतात, आणि छोट्या कॉलेजला ते कमीच मिळतात. स्कॉलरशिप देऊ करायला ५ तास. मुलाचं सोशल मीडिया चाळायला ५, त्याला थेट मेसेज करायला १०, घरच्यांशी आणि मित्रांशी बोलायला २५. पुढे मुलाची पसंतीची यादी आखडत गेली की पटवण्याचे पर्याय उघडतात: हलकं पटवणं २० तास, जोर लावून पटवणं ४० तास. आपल्याकडे लग्न ठरवताना मध्यस्थ कसा आधी चौकशी करतो आणि मग बोलणी लावतो, अगदी तोच क्रम.

मी चौकशीचा भाग गाळला. तास वाचवायचे होते ना! डेट्रॉइटच्या मुलाला पहिल्याच आठवड्यात स्कॉलरशिप दिली, ते बरोबर केलं. पुढचे तीन आठवडे रोज उठून बघत होतो, आपलं नाव वर सरकतंय का. सरकत होतं. पाचात आलो. तिसऱ्या नंबरवर होतो. आता जोर लावायचा म्हणून ४० तासांचा पर्याय निवडला. त्यात कॉलेजच्या कोणत्या तीन गोष्टी त्याच्यापुढे मांडायच्या ते निवडावं लागतं. एकूण चौदा गोष्टी असतात: खेळायला किती मिळेल, घरापासून किती जवळ, स्टेडियमचं वातावरण, प्रशिक्षक टिकेल का, एनएफएल या व्यावसायिक लीगमध्ये जायची शक्यता, अभ्यासाची प्रतिष्ठा, वगैरे. या तीन-तीनच्या संचांपैकी मी ज्यात अभ्यास होता तो निवडला. मला दुसरं काही सुचलंच नाही. अठरा वर्षांच्या मुलाला कॉलेजबद्दल सांगायचं तर बाप म्हणून मी हेच सांगणार. माझ्या वडिलांनी मला हेच सांगितलं होतं.

पाचव्या आठवड्यात तेच केलं, सहाव्यातही तेच. त्याची आमच्याकडे ओढ दाखवणारी पट्टी इतकी हळू सरकायची की मला वाटलं हा मुलगाच हट्टी आहे. मग वरच्या नंबरवर एक मोठं कॉलेज आलं आणि त्याची पट्टी माझ्या दुप्पट वेगाने भरू लागली. सातव्या आठवड्यात मी बाकीच्या सगळ्या मुलांचे तास काढून घेतले आणि याच्यावर लावले. हे तर अजिबात करू नका. त्या एका निर्णयापायी माझे दोन ऑफेन्सिव्ह लाइनमन (क्वार्टरबॅकला वाचवणारे खेळाडू) गेले, जे जवळजवळ आमचेच झाले होते. आठव्या आठवड्यात त्याला भेटीला बोलावलं. भेट सामन्याच्या दिवशी असते आणि तो सामना आपण जिंकला तर फायदा होतो. मी ज्या आठवड्यात बोलावलं तो सामना आम्ही चार गुणांनी हरलो. शिवाय त्याच दिवशी मी आणखी एक क्वार्टरबॅक बोलावला होता, म्हणजे एकाच जागेचे दोन उमेदवार समोरासमोर बसले. तेही त्याला आवडलं नाही. त्याऐवजी एखादा चांगला रिसीव्हर, म्हणजे पास झेलणारा, बोलावला असता तर दोघांनाही बरं वाटलं असतं.

दहाव्या आठवड्यात तो गेला.

रात्रीचे अकरा वाजले होते. मी कंट्रोलर बाजूला ठेवला आणि गप्प बसलो. मुलगी शेजारी होती. तिने तो उचलला, त्या मुलाचं पान उघडलं आणि खाली सरकवत गेली. तिथे चौदा चौकोन होते. त्यातले अकरा अजून कोरे, प्रश्नचिन्हासारखे. मी उघडलेले फक्त तीन, आणि तिन्हींवर लाल फुली.

‘‘बाबा, त्याला काय हवंय ते तू बघितलंच नाहीस,’’ ती म्हणाली.

मग तिने वेगळ्या, ऑफलाइन डायनेस्टीत सुरुवातीपासून खेळून त्याच मुलावर पहिले काही आठवडे मेसेज आणि घरच्यांशी बोलणं एवढंच केलं. एकेक चौकोन उघडत गेला. पहिल्याच वर्षापासून खेळायला मिळावं, हे एक. घराजवळ राहावं, हे दुसरं. स्टेडियमचं वातावरण, हे तिसरं. आमच्याकडे पहिला क्वार्टरबॅक शेवटच्या वर्षाचा होता, म्हणजे पुढच्या वर्षी जागा रिकामीच. घर तासाभरावर. त्याला हव्या होत्या त्यातल्या दोन गोष्टी आमच्याकडे भरपूर होत्या आणि मी त्याला सहा आठवडे अभ्यासाबद्दल सांगत होतो. अभ्यास त्याच्या यादीत नव्हताच. माझी चिडचिड अजून जात नाही ती याचीच.

म्हणून आता नीट सांगतो. पहिल्या आठवड्यात स्कॉलरशिप द्या, पण त्याच आठवड्यात चौकशीलाही हात घाला. पटवण्याचा संच निवडताना तिन्ही गोष्टींवर हिरवी खूण असेल तरच ४० तासांचा जोर लावा. एकच जुळत असेल तर तो वेळ वाया जातो, त्यापेक्षा ते तास दुसऱ्या मुलाला द्या. काही मुलांची एक अट असते, ती पुरी नसेल तर तो कितीही आवडला तरी सोडून द्या, दार बंदच असतं. वरच्या नंबरचं कॉलेज फार पुढे गेलं असेल तर तेव्हाच थांबा. आणि स्काउटिंग, म्हणजे मुलाचा खेळ पारखणं, करायला कंटाळू नका. तीन स्टारच्या मुलाच्या नावापुढे हिरवं रत्न (दिसतो त्याहून चांगला, अशी खूण) निघालं की तो चार स्टारवाल्यालाही भारी पडतो. लाल खूण निघाली तर नावाला भुलू नका.

सामन्याचं एक राहिलं. प्रत्येक चाल सुरू व्हायच्या आधी समोरच्या संघाचे सगळ्यात मागचे दोघे, म्हणजे सेफ्टी, कुठे उभे आहेत ते बघा. दोघेही खोल असतील तर बॉल घेऊन पळा किंवा मधून छोटा पास द्या. एकच खोल असेल तर कडेने लांब टाका. माझे पहिल्या चार सामन्यांतले बहुतेक इंटरसेप्शन (समोरच्या संघाने झेललेले पास) हे न बघितल्याने झाले. आणि बटण टिचकी मारून सोडलं तर पास उंच जातो, दाबून धरलं तर गोळीसारखा. आखूड पासाला दाबून धरा.

बाहेरच्या मैदानावर जाल तेव्हा नवख्या क्वार्टरबॅकला सांभाळा. गर्दीचा आवाज चढला की स्क्रीन हलते आणि रिसीव्हरच्या पळण्याच्या रेषा वाकड्यातिकड्या होतात. गेमच्या यादीत सगळ्यात कठीण मैदान टेक्सास ए अँड एमचं काइल फील्ड आहे. मिसिसिपी स्टेटच्या मैदानावर प्रेक्षक गुरांच्या गळ्यातल्या घंटा वाजवतात, तो आवाज ऐकून मला आमच्या गावची संध्याकाळ आठवली. १४ सप्टेंबर २०२४ ला खऱ्या टोलेडोने त्याच मैदानावर मिसिसिपी स्टेटला ४१-१७ असं हरवलं. आम्ही घरात इतके ओरडलो की बायको वरच्या मजल्यावरून धावत खाली आली.

क्वार्टरबॅकला फार पळवू नका. प्रत्येक टक्कर शरीराच्या त्या त्या भागावर जमा होत जाते, आणि खांदा लाल झाला की पास भलतीकडे जातो. वर्षाअखेरीला संघ ८५ जणांवर आणावा लागतो, ते आधीच डोक्यात ठेवा. ज्यांना खेळायला मिळत नाही ते ट्रान्सफर पोर्टलमधून (कॉलेज बदलायच्या सोयीतून) निघून जातात.

आणि हो, हे खरं तर सुरुवातीलाच सांगायला हवं होतं. हा गेम फक्त नव्या पिढीच्या कन्सोलवर चालतो, प्लेस्टेशन ५ आणि एक्सबॉक्स सिरीज एक्स किंवा एस. कॉम्प्युटरवर येत नाही. मी इथल्या एका दुकानात स्पष्ट विचारलं होतं. काउंटरवरच्या माणसाने जुन्या पिढीचा कन्सोल हातात दिला आणि ‘‘यावर सगळं चालतं’’ म्हणाला. परत करायला गेलो तर खोका उघडलाय म्हणून नाही म्हणाले. तीन फेऱ्या माराव्या लागल्या. घरातून निघतानाच मॉडेलचं नाव लिहून न्या आणि खोका उघडायच्या आधी वाचा.

दुसऱ्या वर्षी भरतीची पहिली सहा आठवड्यांची चौकशी मी मुलीवर सोपवली. तिने इंडियानातल्या फोर्ट वेनचा तीन स्टारचा क्वार्टरबॅक शोधला, हिरवं रत्न. त्याला पहिल्या वर्षी खेळायचं होतं आणि घराजवळ राहायचं होतं. भेटीला त्याच्याबरोबर एक रिसीव्हर बोलावला, तो सामना जिंकलो. अकराव्या आठवड्यात त्याच्या नावापुढे आमचं निळं-सोनेरी चिन्ह लागलं आणि मुलगी सोफ्यावर उभी राहिली.

शब्द दिल्याप्रमाणे त्याला पहिल्याच सामन्यात उतरवला. त्याने तीन इंटरसेप्शन दिली, आम्ही हरलो. ऑफिसातले म्हणतात त्याला बसव. मी नाही बसवणार. येत्या शनिवारी बोलिंग ग्रीनशी सामना आहे, आमच्याच मैदानावर, आणि सुरुवात तोच करणार आहे.