बेणारेबाई, सुलभाताई आणि एका अंकाची शांतता

रविवार, रात्री उशिरा.

सध्या डोक्यात अभिनेत्री सुलभा देशपांडे सोडून दुसरं काही नाहीये. मिळेल ते वाचतेय, मुलाखती शोधतेय, ज्यांनी त्यांना स्टेजवर बघितलंय अशा कुणाचं नाव कळलं की फोन करतेय. कारण साधंच आहे, आमचा ग्रुप विजय तेंडुलकरांच्या नाटकांतले प्रवेश करतोय आणि त्यात 'शांतता! कोर्ट चालू आहे'मधलं नायिकेचं, म्हणजे बेणारेबाईचं, शेवटचं स्वगत माझ्याकडे आलंय. आणि ती बेणारे पहिल्यांदा उभी केली सुलभाताईंनी, 1967 साली, रंगायन या प्रायोगिक नाट्यसंस्थेसाठी, दिग्दर्शन त्यांचे नवरे अरविंद देशपांडे यांचं. त्यामुळे सुरुवात तिथूनच करायची असं ठरवलं.

आईला सांगितलं तर ती म्हणाली अगं 'चौकट राजा'तली नंदूची आई ना ती. ऑफिसमधल्या मुलींना सांगितलं तर त्यांना 'इंग्लिश विंग्लिश'मधली सासू आठवली. दोन्ही बरोबरच आहे, दोन्ही कामं सुंदर आहेत, पण मला राहून राहून वाटतंय की ज्या बाईने आयुष्यातला एवढा मोठा काळ प्रायोगिक रंगभूमीवर घातला ती आपल्याला आठवते मात्र पडद्यावरच्या दोन-चार भूमिकांतून. यात बघणाऱ्यांचा काही दोष नाही म्हणा. नाटक संपलं की संपलं, त्याचं मागे काय राहणार? त्यातल्या त्यात नशीब म्हणजे 'शांतता'वर 1971 साली सत्यदेव दुबेंनी सिनेमा केला आणि त्यात बेणारे सुलभाताईंनीच केली, पण सिनेमातली बेणारे आणि हॉलमध्ये समोर दहा फुटांवर उभी असलेली बेणारे यात फरक असणारच ना.

मला सगळ्यात जास्त धरून ठेवलंय ते हे की सुलभाताई मुळात शिक्षिका होत्या. दादरच्या छबिलदास शाळेत शिकवायच्या. शाळेतल्या मुलांसाठी नाटकं हवी होती म्हणून त्यांनी तेंडुलकरांना लिहून द्यायला सांगितलं आणि तिथून त्या रंगायनच्या मंडळींत आल्या, म्हणजे विजया मेहता, तेंडुलकर, अरविंद देशपांडे, श्रीराम लागू ही सगळी मंडळी. आधी शाळा, मग त्या शाळेतल्या पोरांसाठी नाटक, आणि मग रंगायन. हा क्रम मला फार आवडला, कारण आपल्याकडे असं मानतात की नोकरी करणारी बाई नाटक करते म्हणजे हौस म्हणून करते, उरलेल्या वेळात करते. इथे तर नाटकाकडे जायचा रस्ताच नोकरीतून गेलाय.

आणि बेणारे कोण? तीही शिक्षिकाच! वेळेवर वर्गात पोचणारी, मुलांची लाडकी, कामात कुणाला बोट ठेवू न देणारी. ज्यांना नाटक माहीत नाही त्यांच्यासाठी थोडक्यात सांगते. मुंबईतली एक हौशी मंडळी एका गावात प्रयोग करायला जाते, मधे वेळ असतो म्हणून गंमत म्हणून खोटा खटला उभा करतात आणि बेणारेला आरोपी करतात, आरोप भ्रूणहत्येचा. आणि बघता बघता तो खेळ राहत नाही, तिच्या खऱ्या आयुष्यातलं एकेक बाहेर काढायला लागतात, लग्न नाही, दिवस गेलेले, ज्याच्यामुळे गेले तो प्राध्यापक दामले तिथे आलेलाच नाही. शेवटी कोर्ट तिला बोलायला किती वेळ देतं तर दहा सेकंद. आणि त्या दहा सेकंदांत ते सगळं लांबलचक स्वगत येतं, बाकीचे सगळे आहेत तसे थिजलेले आणि ती एकटी बोलतेय. म्हणजे घड्याळातले दहाच सेकंद, पण तिच्या आतला वेळ केवढा तरी मोठा.

त्या स्वगताची एक गोष्ट सांगतात. तेंडुलकरांना म्हणे ते लिहायचंच नव्हतं, बेणारेने असं उघड बोलायची गरज नाही असं त्यांचं मत होतं, पण अरविंद देशपांडे हटूनच बसले आणि शेवटी त्यांना खोलीत कोंडून ते लिहून घेतलं. लेखकाला नको असलेला मजकूर आज मराठीतल्या प्रत्येक नटीला एकदा तरी करून बघावासा वाटतो. एकपात्रीत, ऑडिशनला, वर्कशॉपला, सगळीकडे तेच स्वगत. आणि खरं सांगायचं तर मी आत्तापर्यंत जितक्या जणींना ते करताना बघितलंय त्यातल्या बऱ्याच पहिल्या वाक्यापासून रडायला लागतात. टाळ्या मिळतात, नाही असं नाही, पण मला ते पटत नाही. जवळजवळ अख्खा तिसरा अंक गप्प बसलेली बाई तोंड उघडल्या उघडल्या रडेल कशी?

हे मला कळलं ते तालमीतच. आमची तालीम नौपाड्यातल्या एका शाळेच्या वर्गात चालते, संध्याकाळी बाकं भिंतीला लावायची, फळ्यावर गणितं तशीच असतात. मी ऐरोलीहून ट्रान्स हार्बरने ठाण्याला उतरते आणि तशीच तिथे जाते, डबा हातात, ऑफिसचं ओळखपत्र अजून गळ्यात. आमचा दिग्दर्शक पहिल्या दिवशीच म्हणाला स्वगत पाठ करू नकोस, आधी गप्प बस. मला वाटलं गंमत करतोय. पण त्याने दोन बाकं आडवी लावून कठडा केला, मला आत उभं केलं आणि बाकीच्यांना तिसरा अंक अख्खा वाचायला लावला. तिसऱ्या अंकात बेणारेला बोलायला जवळजवळ काहीच नाहीये! बाकीचे बोलतायत, साक्षी देतायत, हसतायत, आणि तू उभी. पहिली पाच मिनिटं मी 'अभिनय' करत होते, म्हणजे दुःखी चेहरा, खाली मान वगैरे. तो ओरडला, काही करू नकोस, नुसतं ऐक. मग ऐकायला लागले. जरा वेळाने लक्षात आलं की माझ्या पायाची बोटं चपलेत आवळली गेलीयेत आणि उजव्या हाताने बाकाची कड इतकी घट्ट धरलीये की तळव्यात लाकडाची खूण उठलीये. चेहऱ्यावर काहीच नव्हतं, सगळं हातापायात उतरलं होतं. आणि त्यानंतर जेव्हा तो म्हणाला आता बोल, तेव्हा आवाज जो आला तो रडका नव्हता, कोरडा होता, बराच वेळ न वापरल्यावर येतो तसा. तो म्हणाला हा, इथून सुरू कर.

स्वगतात एक जागा आहे, बोलता बोलता ती एकदम वर्गात शिरते. समोर कोर्ट उरतच नाही, तिच्यासमोर मुलं असतात आणि ती बाईंच्या आवाजात त्यांना गप्प करते. मी या जागेवर खूप अडकलेय. तो वर्गाचा आवाज कसा असतो? मोठा नसतो, रागावलेला पण नसतो, त्यात एक खात्री असते की आता सगळे ऐकणार आहेत. छबिलदासमध्ये मुलांना शिकवणाऱ्या बाईंना हा आवाज शोधावा लागला नसणार, तो त्यांच्या गळ्यातच असणार असं मला वाटतं. मला शोधावा लागतोय. म्हणून मी गेल्या आठवड्यात मावसबहिणीकडे गेले, ती वाशीला शाळेत शिकवते, तिला म्हटलं ताई तू चौथीच्या वर्गात शिरतेस तेव्हा पहिलं काय करतेस? ती म्हणाली काहीच नाही गं, आधी दारात उभी राहते, त्यांचं मला बघून होऊ देते आणि मग बोलते. एवढंच. पण त्या 'दारात उभी राहते'वर मी आता तालमीत काम करतेय, त्या जागेआधी एक श्वास थांबते आणि मग आवाज खाली आणते. उद्या बघू दिग्दर्शक काय म्हणतो ते.

बाकी रंगायन मोडलं, मग 1971 मध्ये अरविंद देशपांडे, सुलभाताई आणि अरुण काकडे या मंडळींनी आविष्कार ही नाट्यसंस्था काढली. आणि 1974 पासून छबिलदासच्या हॉलमध्ये जे सुरू झालं त्याला आज सगळे छबिलदास चळवळ म्हणतात. दादर स्टेशनच्या बाहेर, पश्चिमेला, शाळेचा हॉल. सुलभाताई त्या शाळेत होत्या म्हणून ते दार उघडलं. आमच्या खालच्या मजल्यावरचे काका तेव्हा वागळे इस्टेटमधल्या एका कारखान्यात होते, सुटल्यावर मित्रांबरोबर ठाण्याहून गाडी पकडून दादरला नाटकाला जायचे. ते सांगत होते की अगं तिथे नट आपल्यापासून इतक्या जवळ असायचे की घाम दिसायचा, आणि नाटक संपलं की खाली गल्लीत वडापाव खात तासभर भांडायचो, शेवटची गाडी चुकायची वेळ यायची. काय काय नाटकं बघितली ते त्यांना नीट आठवत नाही पण कशावरून भांडलो ते बरोब्बर आठवतं!

मला इथे जरा बोलायचंय. ठाण्यात गडकरी रंगायतन आहे, घाणेकर आहे, पलीकडे वाशीला विष्णुदास भावे आहे, मोठी नाट्यगृहं आहेत आणि असायलाच हवीत. घाणेकरमध्ये मिनी थिएटर पण आहे. पण आमच्यासारख्या ग्रुपला हॉलचं भाडं, लाइट्स, सामानाचा टेम्पो हे सगळं धरलं की तिकिटातून निघत नाही, प्रत्येकाने खिशातून घालायचं. व्यावसायिक नाटकात नटाला प्रयोगाची नाईट, म्हणजे दर प्रयोगाचं मानधन, मिळते, आमच्याकडे नाईट आपणच द्यायची असते, आणि पंचवीस प्रयोग झाले तरी डोक्यावरून पाणी. आणि ठाण्यात शाळा किती आहेत! नौपाडा, पाचपाखाडी, चरई, कुठेही बघा, शाळेचे हॉल संध्याकाळी कुलूप लावून पडलेले असतात. छबिलदास हा काही वेगळा बांधलेला रंगमंच नव्हता, शाळेचा हॉलच होता. ती चळवळ उभी राहिली कारण परवडेल अशी, नेहमीची, हक्काची जागा मिळाली, आणि एकदा जागा मिळाली की वेगवेगळ्या संस्था तिथे येऊन आपापली नाटकं करायला लागल्या. कुठल्या तरी एका शाळेने आठवड्यातून दोन संध्याकाळी हॉल दिला तर ठाण्यात काय होऊ शकेल याचा विचार करून मला खरंच झोप लागत नाही.

सुलभाताईंनी मुलांना सोडलं नाही हेही मला फार महत्त्वाचं वाटतं. आविष्कारची चंद्रशाला हा मुलांचा विभाग, त्यात 'दुर्गा झाली गौरी' हे नृत्यनाट्य, कितीतरी मुलं एकाच वेळी स्टेजवर आणि वर्षानुवर्षं नव्या मुलांना घेऊन होत राहिलेलं. अरविंद देशपांडे गेले 1987 च्या जानेवारीत, त्याच वर्षाचा संगीत नाटक अकादमी पुरस्कार सुलभाताईंना मिळाला, आणि त्या घरात बसल्या नाहीत, संस्था चालू राहिली. पुढे छबिलदास सुटलं तरी माहीमच्या महापालिका शाळेत आविष्कारचं काम चालू राहिलं. म्हणजे परत शाळाच! 4 जून 2016 ला त्या गेल्या.

त्या गेल्या तेव्हाचं लिहिलेलं आता वाचते तर बऱ्याच ठिकाणी त्यांची माया, त्यांचा आधार, सगळ्यांच्या ताई, असं येतं. ते खरंच असेल, माझं काही म्हणणं नाही. पण अभिनेत्रीबद्दल लिहिताना तिच्या कामाबद्दल इतकं कमी का लिहितात? आवाज कुठे ठेवायची, थांबायची कुठे, स्टेजवर गप्प असताना काय करायची, हे कोणी लिहितच नाही. नटाबद्दल लिहिताना लोक पानंच्या पानं त्याच्या संवादफेकीवर लिहितात आणि नटी म्हटलं की स्वभाव. मला त्यांच्या स्वभावाइतकंच त्यांचं तंत्र माहीत करून घ्यायचंय.

काल मावशीकडे जेवायला गेलो होतो, तिथे नेहमीचं, अजून प्रायोगिकच करतेस का, सिरीयल कधी, एखादा चांगला रोल मिळाला असता एव्हाना. पूर्वी मी विषय बदलायचे. काल सांगितलं की मावशी, मी काही कशाची वाट बघत नाहीये, हेच करतेय. तिला ते किती कळलं माहीत नाही पण नंतर तिने विचारलं तुझा प्रयोग कधी आहे, मला दुपारचा असेल तर जमेल. तारीख ठरली की तिला पहिला फोन करणार.

आता एक मागणं आहे. 1967 च्या आसपास किंवा नंतर ज्यांनी सुलभाताईंची बेणारे स्टेजवर बघितलीये, ठाण्यात, डोंबिवलीत, कुठेही असाल, तुमच्या घरात कोणी आजी-आजोबा असतील ज्यांनी बघितलीये, प्लीज मला सांगा. स्वगत कसं केलं ते तर सांगाच, पण त्याआधी, बाकीचे बोलत होते तेव्हा त्या कठड्यात कशा उभ्या होत्या, हात कुठे होते, कुणाकडे बघत होत्या, एवढं जरी आठवत असेल तरी चालेल. मी घरी येऊन ऐकेन.