तोरिनोत आर्ते पोव्हेरा पाहायला जाताना

मिलानहून वेगवान ट्रेनने इटलीतलं तोरिनो (ट्युरिन) तासाभरावर आहे, म्हणून बरेच जण सकाळी येऊन संध्याकाळी परततात. आर्ते पोव्हेरा, म्हणजे 'गरीब कला', ही साध्यासुध्या वस्तूंतून काम करणारी कलाचळवळ पाहायची असेल तर निदान दोन रात्री राहाच.

हे नाव समीक्षक जेर्मानो चेलांत यांनी १९६७ मध्ये जेनोवातल्या एका प्रदर्शनाला दिलं, पण या चळवळीचे बरेचसे कलावंत तोरिनोचे. फियाट मोटारींचं हे शहर तेव्हा भरभराटीत होतं, आणि १९६९च्या शरदात इथेच कामगारांचे मोठे संप झाले. अशा गावात या मंडळींनी चिंध्या, माती, कोळसा, फांद्या हाती घेतल्या. मला हे धाडस आजही थोर वाटतं.

पहिला दिवस शहराबाहेरच्या रिव्होलीच्या किल्ल्याला द्या. मेट्रोने पश्चिमेला जायचं, पुढे बस, शेवटी चढण. सोमवार-मंगळवारी बंद असतो. वेळा आणि मांडणी बदलत असल्याने निघण्याआधी संकेतस्थळ पाहा. वास्तुकार युव्हाराने आराखडा केलेला हा राजवाडा अर्धवटच राहिला आणि १९८४ पासून तिथे समकालीन कलेचं संग्रहालय आहे. याच चळवळीतल्या पिस्तोलेत्तोची 'चिंध्यांची व्हीनस' (१९६७) इथल्या संग्रहात आहे. शुभ्र देवी आपल्याकडे पाठ करून जुन्या कपड्यांच्या ढिगात तोंड खुपसून उभी. फोटोत ती नुसती कल्पक वाटते. समोर मात्र आपली नजर देवीवरून सुटते आणि कुणीकुणी अंगावर घातलेल्या त्या कपड्यांवर खिळते. नेपल्समध्ये याच कामाची भव्य आवृत्ती २०२३ मध्ये जाळली गेली. पुढच्या वर्षी ती पुन्हा उभी राहिली.

दुसऱ्या दिवशी याच चळवळीतल्या मारिओ मेर्त्स यांच्या नावाचं मेर्त्स फाउंडेशन. लान्चिया या मोटार कंपनीच्या जुन्या औष्णिक वीजकेंद्रातली ही जागा लहान आहे, दोन तास पुरतात. सोमवारी जाऊ नका. अंधार पडल्यावर मोले आंतोनेल्लियाना ही शहरातली उंच घुमटाची इमारत गाठा: घुमटावर मारिओ मेर्त्स यांचे लाल निऑन आकडे चढत जातात, १, १, २, ३, ५, ८... इटालियन गणिती फिबोनाचीच्या आधी हेमचंद्राने छंदशास्त्रात मात्रा मोजताना मांडलेलीच ही मालिका. ते पाहायला तिकीट लागत नाही.

तिसरा दिवस असेल तर शहराजवळच्या व्हेनारियाच्या राजवाड्याच्या बागेत याच चळवळीतल्या पेनोनेची शिल्पं पाहा. उन्हाळ्यात टोपी आणि पाणी हवंच, चालणं खूप आहे.