पातं विकतचं, मग सुरी तुझी कशी?

तुम्ही विचारलंत म्हणून सांगते. खरं तर सगळेच विचारतात. ओस्लोच्या गणपतीत भेटणारे, पुण्याहून फोनवर मावशी, आणि इथे नॉर्वेत टेलेमार्कमधले शेजारीही, जरा आडून: "पातं कारखान्याचं, मग सुरी तुझी कशी?"

हो, मी सुऱ्या बनवते आणि माझी पाती विकतची असतात. इथल्याच सुऱ्यांच्या कारखान्यांची, गाइलोच्या ब्रुसलेटोची किंवा होल्मेडालच्या हेलेची. हेलेच्या पात्यात मधे कडक पोलाद आणि दोन्ही अंगांना मऊ, असे तीन थर असतात. मधला धार धरतो, बाहेरचे सहजी मोडू देत नाहीत. १९३२पासून ते सुऱ्या करताहेत, मी घरामागे बसून त्यात काय सुधारणार? नॉर्वेत कितीतरी चांगले कारागीर पातं असंच आणतात, मूठ आणि म्यान स्वतः करतात. आपल्या विळीचं पातं लोहाराचं, पाट सुताराचा. विळी नक्की कोणाची, हे मावशीने कधी विचारलंय?

आणि म्यान म्हणजे काय गंमत वाटली? कातडं भिजवायचं, सुरीला प्लास्टिक गुंडाळायचं, ओलं कातडं तिच्यावर ओढून मागच्या बाजूने शिवायचं. वाळताना ते आवळतं. मुठीचा बराचसा भाग आत जाऊन सुरी खटकन बसली पाहिजे, म्यान उलटं धरलं तरी पडता कामा नये. जाऊ दे. इथवर आले की ऐकणारा फोनमध्ये बघायला लागतो.

एक बाई वडिलांची सुरी घेऊन आल्या होत्या. वडील वारलेले. बर्चची मूठ उभी चिरलेली, पातं वर्षानुवर्षं धार लावून करंगळीएवढं उरलेलं. "मूठ नवी करा, पण पात्याला जपा. बाबांनी स्वतः ठोकलंय." घरामागे त्यांची भट्टीही होती म्हणे.

मूठ फोडली, पितळी कडं उतरवलं, आणि खाली कारखान्याचा शिक्का. तो झाकला जावा म्हणून त्या माणसाने पातं नेहमीपेक्षा खोल बसवलं होतं. लाकडात त्यासाठी कोरलेली खाच इतकी नेटकी होती, की कानशीचा ओरखडा दिसेना. सुरीतलं सगळ्यात सुबक काम तेच होतं.

गप्प बसता आलं असतं. मी फोन केला. त्या आल्या, शिक्क्यावरून अंगठा फिरवला, नंतर म्हणाल्या, "पुन्हा तसंच झाकता येईल?"

मी झाकलं. विकतच्या पात्यात लाज कसली, असं तुम्हाला ठणकावून सांगणारी मीच. ती खाच जमेपर्यंत मी लाकडाचे दोन ठोकळे वाया घालवले, आणि जमल्यावर मला आनंद झाला. तेव्हा मी मनाशी म्हटलं, गिऱ्हाइकाची इच्छा. आज ते उत्तर पुरत नाही. लाज नव्हती तर फोनवर माझा आवाज का उतरला होता? पण त्या म्हाताऱ्याला खोटारडा म्हणायलाही जीभ रेटत नाही. भट्टी होती ना त्याच्याकडे. ठोकली असतील काही पाती, जमली नसतील.

माझ्या सुऱ्यांवर शिक्का उघडा असतो. तो तसाच राहील. गेल्या हिवाळ्यात मात्र मी एक छोटी गॅसभट्टी घेतली. पातं तापून चुंबकाला चिकटेनासं झालं की तेलात बुडवायचं, मग मंद आचेवर पुन्हा तापवून कडकपणा थोडा उतरवायचा, इथवर आले आहे. ती पाती मी विकत नाही, कुणाला दाखवतही नाही. भट्टी कशाला घेतली, ते मावशीला अजून माहीत नाही. तुम्हीही सांगू नका, नाहीतर ती त्यावरून सुरू होईल.