चांदरसाचा माग काढत इद्रियाच्या खाणीत

मी लिहीत असलेल्या कल्पित जगात चांदरस नावाचा पदार्थ आहे. तो डोंगराच्या पोटातून थेंबाथेंबाने पाझरतो. मंत्र फक्त त्याच्यावरच धरतो, त्यामुळे ज्याच्या घागरी भरलेल्या, त्याचंच राज्य चालतं. जादूचे नियम घरी बसून ठरवता येतात. पण असा पदार्थ उपसतं कोण, त्याच्यापायी आजारी कोण पडतं आणि श्रीमंत कोण होतं, हे मला खऱ्या जमिनीवर बघायचं होतं. म्हणून स्लोव्हेनियातलं इद्रिया गाठलं. पाऱ्याची जगातली दुसऱ्या क्रमांकाची खाण इथे सुमारे 500 वर्षं चालली. पहिली स्पेनमधली अल्मादेन. 2012 साली युनेस्कोने या दोन्ही गावांना मिळून जागतिक वारसा ठरवलं.

राजधानी ल्युब्ल्यानाहून बस डोंगर चढत-उतरत एका अरुंद दरीत शिरते. खाली इद्रिइत्सा नदी, दोन्ही अंगांना झाडीने भरलेले उतार. इथली दंतकथा अशी, की 1490 च्या सुमारास लाकडी बादल्या बनवणाऱ्या एका कारागिराने नवी बादली झऱ्यात भिजत ठेवली आणि उचलायला गेला तर ती उचलेना. तळाशी चकाकणारं काहीतरी साचलं होतं. अमृतासाठी आपल्याकडे देव-दानवांना समुद्र घुसळावा लागला, इथे एका गरिबाची बादली पुरली! मला ही गोष्ट फार आवडली. पाण्यापेक्षा साडेतेरा पट जड असलेल्या द्रवाची ओळख आधी त्याच्या वजनानेच व्हावी, हे किती साहजिक आहे.

1500 साली खणलेला अँटनीचा बोगदा आता प्रवाशांसाठी खुला आहे. अंगात जाड कोट, डोक्यावर हेल्मेट चढवून आत गेलं की हवा एकदम गार होते. वाटेत जमिनीखालचं छोटं प्रार्थनास्थळ लागतं, कामाला उतरण्याआधी खाणकामगार तिथे थांबत. पेर्कमांडेल्त्स नावाचा खाणीतला बुटका आत्माही त्यांच्या श्रद्धेचा भाग होता. पुढे काळ्या खडकावर दिव्याचा झोत पडला आणि मी जागच्या जागी थांबले. दगडाला बारीक चंदेरी थेंब चिकटले होते. पारा बहुतेक ठिकाणी हिंगुळाच्या लाल खनिजात गंधकाशी बांधलेला सापडतो, तो भट्टीत तापवून सोडवावा लागतो. इथे मात्र तो मोकळाही मिळतो. आपल्या रसशास्त्राने, म्हणजे पाऱ्यापासून औषधं करण्याच्या जुन्या विद्येने, पाऱ्यावर 18 संस्कार सांगितले. बांधलेला, म्हणजे घट्ट केलेला पारा माणसाला आकाशगामी करतो, मारलेला, म्हणजे भस्म केलेला पारा माणसाला जगवतो, अशी त्यामागची श्रद्धा. तो थेंब बघताना ही श्रद्धा कुठून आली असेल ते कळतं. धातू असून वाहणारा, हाताला न लागणारा, उष्णतेने हवेत विरून जाणारा पदार्थ बघून माणसाने चमत्काराखेरीज दुसरं काय समजावं?

पण त्या विरून जाण्यातच विष आहे. जोव्हानी अँटोनियो स्कोपोली हा निसर्गअभ्यासक 1754 मध्ये इथे खाणीचा डॉक्टर म्हणून आला. पाऱ्याच्या वाफेने कामगारांचे हात-पाय थरथरतात, तोंडातून लाळ गळते, दात हलू लागतात. हे आजार त्याने जवळून पाहिले आणि 1761 साली त्यावर लेखन प्रसिद्ध केलं. चांदरसाच्या कथेत आता मला असा एक वैद्य हवाच आहे. मांत्रिकापेक्षा तो जास्त महत्त्वाचा असेल.

खाणीतलं पाणी उपसायला 1790 मध्ये उभारलेलं 13.6 मीटर व्यासाचं लाकडी चाक गावात अजून आहे. ते 1948 पर्यंत चाललं, एवढं सांगितलं तरी पुरे.

मला सगळ्यात हलवून गेला तो पाऱ्याचा पुढचा प्रवास. 1554 मध्ये मेक्सिकोतल्या पाचुका इथे बार्तोलोमे दे मेदिनाने चांदीचं खनिज दळून त्यात पारा कालवण्याची पद्धत सुरू केली. पारा चांदीला धरतो, मग मिश्रण तापवलं की पारा उडून जातो आणि चांदी मागे राहते. स्पेनच्या साम्राज्याचा पैसा या पद्धतीवर उभा राहिला आणि अल्मादेनचा पारा कमी पडला तेव्हा इद्रियाचा पाराही समुद्रापार गेला. या दरीत हात थरथरणाऱ्या माणसाला आपण कुणाची तिजोरी भरतोय, हे कदाचित कधी कळलंही नसेल. चांदरसाची राजधानी मी नकाशावर खाणीशेजारी ठेवली होती. आता ती समुद्राच्या पलीकडे जाईल.

सोळाव्या शतकातल्या गेवर्केनेग किल्ल्यातून खाणीचा कारभार चाले, आता तिथे संग्रहालय आहे. त्यात पाऱ्याइतकाच मान लेसच्या विणकामाला दिलाय. खाणकामगारांच्या बायका घरखर्चाला हातभार म्हणून लेस विणत आणि 1876 साली सुरू झालेली लेसची शाळा आजही चालू आहे. खाण बंद झाली, खालच्या भागात पाणी भरू दिलं गेलं, विणकाम मात्र थांबलं नाही. संग्रहालयाच्या बाकावर बसून मी वहीत चांदरसाच्या गावातल्या बायकांची नावं लिहायला घेतली. त्या काय विणतात, कुणाला विकतात आणि त्यांच्या हातातला पैसा राजाच्या करातून कसा सुटतो, यावर पुढचं प्रकरण असेल.