मॉरिशस: ध्वज पूर्ण, राजचिन्ह निम्म्यावर

मंडळी, बेटदेशांची चिन्हं भरतकामात उतरवण्याच्या माझ्या कामात यंदा मॉरिशस घेतलंय. ध्वज दोनदा भरून झाला, राजचिन्हाची ढाल आणि तिच्या एका बाजूला उभा असलेला डोडो पक्षी पूर्ण आहे. हरीण आणि ब्रीदवाक्याची पट्टी बाकी.

ध्वजापासून सांगतो. लाल, निळा, पिवळा, हिरवा असे चार समान आडवे पट्टे, प्रमाण २:३. १२ मार्च १९६८ ला स्वातंत्र्याबरोबर हा ध्वज फडकला. रचनाकार म्हणून गुरुदत्त मोहर यांचं नाव घेतलं जातं. लाल म्हणजे स्वातंत्र्याचा लढा, निळा म्हणजे हिंदी महासागर, पिवळा स्वातंत्र्याचा उजेड आणि हिरवा तिथली शेती. मी १८ बाय १२ सेंटिमीटरचा नमुना घेतला, म्हणजे एकेक पट्टा बरोबर ३ सेंटिमीटरचा. दिसायला सोपं वाटतं, पण ३ सेंटिमीटर लांबीचा भरीव टाका एका दमात घातला की दोरा सैल पडतो, बोट लागलं तरी वर येतो. म्हणून लांब-आखूड टाका घेतला, दोन पदरी. एका पट्ट्याला चार संध्याकाळी लागल्या.

पहिला ध्वज वाया गेला, ते मनाला फार लागलं. लाल लडी गावातल्या एका दुकानातून सुटी घेतली होती. काम झाल्यावर धुऊन टॉवेलमध्ये गुंडाळलं, तेव्हा लाल पट्टा पिवळ्यावर टेकला आणि पिवळ्यात नारिंगी डाग उतरले. ते निघालेच नाहीत. आता कुठलीही नवी लडी आली की हातभर दोरा कोमट पाण्यात भिजवून पांढऱ्या फडक्यात दाबून ठेवतो आणि रात्रभरानंतर फडकं बघतो. गडद लाल आणि गडद निळ्यासाठी हे कराच.

आता राजचिन्ह. ते ध्वजाहून बरंच जुनं, २५ ऑगस्ट १९०६ चं, म्हणजे इंग्रजी अमलातलं. कागदावर रेखाटन करताना लक्षात आलं की ढालीतही तेच चार रंग आहेत. ध्वजाच्या उरलेल्या लड्याच ढालीला पुरल्या, वरून फक्त पांढरी घ्यावी लागली. ढालीचे चार भाग. निळ्यावर सोनेरी गलबत, पिवळ्यावर मुळांसकट तीन हिरवी ताडाची झाडं, खाली पिवळ्यावर उभी लाल किल्ली, आणि शेवटी निळ्यावर पांढरा तारा, त्याच्याकडे निमुळता होत जाणारा पांढरा त्रिकोण. खालच्या पट्टीवर लॅटिनमध्ये ‘स्टेला क्लाविस्क्वे मारिस इंडिकी’, म्हणजे हिंदी महासागराचा तारा आणि किल्ली. ढालीचा खालचा अर्धा भाग म्हणजे हे ब्रीदवाक्यच चित्रात काढलेलं. १८६९ मध्ये सुएझ कालवा सुरू होईपर्यंत युरोपातून हिंदुस्थानाकडे येणारी जहाजं आफ्रिकेला वळसा घालून यायची, तेव्हा वाटेतलं हे बेट ज्याच्या हाती त्याच्या हाती किल्लीच होती. फ्रेंचांकडून इंग्रजांनी ते १८१० मध्ये घेतलं.

नमुन्यासाठी शेजाऱ्यांनी तिकडून आणलेलं एक रुपयाचं नाणं वापरतोय. त्याच्या मागच्या बाजूला हेच राजचिन्ह आहे, अडीच सेंटिमीटरहून थोड्याच मोठ्या जागेत. भिंगाखाली गलबताची वल्हीसुद्धा शोधत बसलो होतो. रंग मात्र नाण्यावरून कळत नाहीत आणि डोडोची खरी गंमत रंगातच आहे. तो नुसता करडा पक्षी नाही. किल्ल्याच्या तटावर जशा चर्या असतात तशा दातेरी तिरप्या रेषेने त्याच्या अंगाचे दोन भाग केलेत, एक लाल, एक पांढरा. पलीकडच्या हरणात तेच रंग उलट्या क्रमाने. लहान आकारात ही रेष कुणीच दाखवत नाही, नुसती तिरपी ओढून मोकळे होतात. मी ७ सेंटिमीटर उंचीच्या डोडोत पाच चर्या बसवल्या, प्रत्येकीची कड आधी उलट्या टिपेने बांधून घेतली आणि मग आत भरीव टाका. कड बांधली नाही तर लाल आणि पांढरा एकमेकांत घुसतात आणि दातेरीपणा राहत नाही.

चोचीसाठी जहांगीर बादशहाच्या दरबारातल्या उस्ताद मन्सूरच्या नावावरचं डोडोचं चित्र समोर ठेवलं. जिवंत डोडो सुरतेपर्यंत आणले गेले होते, पीटर मंडी या इंग्रज प्रवाशाने तिथे दोन पाहिल्याचं लिहून ठेवलंय. डच लोक १५९८ मध्ये मॉरिशसला उतरले आणि १६६२ नंतर डोडो दिसल्याची खात्रीची नोंद नाही. तो नामशेष व्हायला पासष्ट वर्षंसुद्धा लागली नाहीत. हे डोक्यात ठेवून त्याचा डोळा भरला, एकच गाठीचा टाका, काळा. तो तीनदा उसवला, कारण गाठ जरा मोठी झाली की पक्षी घाबरलेला दिसायचा.

डोडो आणि हरीण दोघांनीही उसाचं एकेक कांडं धरलंय. हा ऊस आणि हे हरीण दोन्ही डचांनीच १६३९ मध्ये जावाकडून आणलेले. म्हणजे ढालीच्या दोन राखणदारांत एक बेटाचा मूळ रहिवासी, जो आता उरला नाही, आणि दुसरा पाहुणा, जो तिथलाच झाला. मी कोल्हापूरकडचा, ऊस बघत वाढलो, त्यामुळे पेरं सारखी भरवेनात. खरा ऊस बुडाशी आखूड पेरांचा असतो, वर पेरं लांबतात आणि शेंड्याला वाढं. देठाच्या टाक्याने कांडं आणि प्रत्येक पेराला आडवी एक टीप असं केलंय. याच उसासाठी आधी गुलाम आणले गेले आणि १८३४ पासून हिंदुस्थानातून गिरमिटिये, म्हणजे करारावर नेलेले मजूर. मुंबई बंदरातून गेलेली आपली मराठी माणसंही त्यांत होती. त्यांची नातवंडं-पतवंडं आजही तिथे आहेत आणि गणेश चतुर्थीला देशभर सरकारी सुट्टी असते. त्या कांड्यावर मी गरजेपेक्षा जास्त वेळ घालवला आणि तो घालवायलाच हवा होता असं मला वाटतं.

राष्ट्रीय फूल वेगळ्या रिंगवर सुरू केलंय. ट्रोकेशिया बुटोनियाना, तिकडच्या बोलीत ‘बुक्ल दोरेय’, म्हणजे कानातलं. लाल, घंटेसारखं, खाली लोंबणारं, अगदी आपल्या डुलासारखं. रानात ते फक्त ल मॉर्न डोंगरावर उगवतं, जिथे पळालेले गुलाम आसरा घ्यायचे. १२ मार्च १९९२ ला देश प्रजासत्ताक झाला त्याच दिवशी याला राष्ट्रीय फुलाचा मान मिळाला. पाकळीला तीन लाल छटा लागतील, दोनच मिळाल्यात.

या महिन्यात हरणाची शिंगं. शिंगाला तीन टोकं आहेत, ती नीट दिसावीत म्हणून एकपदरी दोरा घेणार आहे. अर्ध्या रुपयाच्या नाण्यावरही हरीण आहे, ते नाणं कुणाकडे असेल तर शिंगांचा जवळून काढलेला फोटो पाठवा. मग ब्रीदवाक्याची सव्वीस अक्षरं, ४ मिलिमीटर उंचीची, उलट्या टिपेत. त्यातली पहिली सहा कच्च्या कापडावर करून बघितली, ‘एस’ अजून गोल येत नाही.