विश्रामबागवाडा : पोस्टाच्या कामाला गेलो आणि रमलो

तुळशीबागेत आईची खरेदी दोन तासांच्या आत उरकत नाही. पिशव्या धरायला मी आणि एक पाकीट स्पीड पोस्टानं पाठवायचं काम, एवढ्या तयारीनिशी सोमवारी सकाळी पुण्यात उतरलो. पोस्ट कुठे म्हणून विचारलं तर दुकानदार म्हणाला, "वाड्यात." वाडा म्हणजे विश्रामबागवाडा!

दुसऱ्या बाजीरावानं हा वाडा दोन लाख रुपये खर्चून बांधवला. 1807 मध्ये तो पुरा झाला. शनिवारवाड्यापेक्षा त्याचा जीव इथेच जास्त रमायचा, पण जेमतेम अकरा वर्षं. 1818 मध्ये राज्य गेलं आणि त्याची रवानगी बिठूरला झाली. पुढे 1821 मध्ये इंग्रजांनी इथे संस्कृत पाठशाळा काढली. खर्च कुठून, तर पेशवे श्रावणात ब्राह्मणांना वाटत त्या दक्षिणेच्या रकमेतून! त्याच पाठशाळेचं वाढत वाढत डेक्कन कॉलेज झालं. ज्या माणसाचं नाव इतिहासात पळपुटा म्हणून राहिलं, त्याच्या हौसेच्या घरात एवढी विद्या रुजावी, याची मला फार गंमत वाटली.

मे 1879 मध्ये एका रात्री पेशव्यांचा बुधवारवाडा आणि हा वाडा दोन्ही पेटवण्यात आले. वासुदेव बळवंत फडक्यांचं बंड तेव्हा चालू होतं, त्यामुळे संशय आधी तिकडेच गेला. बुधवारवाडा गेला तो गेलाच. इथली पूर्वेकडची बाजू जळाली, ती लोकवर्गणी आणि नगरपालिकेच्या पैशातून पुन्हा उभी राहिली. नंतर 1930 च्या दशकापासून बरीच वर्षं आधी नगरपालिकेचा आणि मग महापालिकेचा कारभारही इथूनच चालला. शनिवारवाड्यात तिकीट काढून आपण जोती बघतो. इथे लोक वाचनालयाची पुस्तकं बदलायला येतात.

रस्त्यावरूनच मान वर करून दर्शनी सज्जा बघा. सागवानी सुरूदार खांब, त्यावर केळफुलाचं कोरीवकाम. आत चौकात गेलात की बाजीराव रस्त्यावरचे हॉर्न एकदम लांब गेल्यासारखे वाटतात. मी पाकीट विसरून तिथेच अर्धा तास उभा.

जाणाऱ्यांसाठी : गाडी आणू नका. रस्ता एकेरी, पार्किंगचा घोळ. मी पूर्वी एकदा तासभर फिरून परत गेलोय. मेट्रोनं मंडई स्थानकावर उतरा आणि चालत या. रविवार टाळा, पोस्ट बंद असतं आणि तुळशीबागेची गर्दी अंगावर येते. दुरुस्तीचं काम निघालं की काही भाग बंद असतो, म्हणून वरच्या मजल्यावर जायचं तर आधी दारावर विचारा. गणपतीच्या दिवसांत या भागात पाऊल ठेवायला जागा नसते. वेळ उरला तर राजा दिनकर केळकर संग्रहालय चालत जाण्याइतकं जवळ आहे, पण त्याला अर्धा दिवस वेगळा काढा. वाड्यासोबत उरकायची ती जागा नाही.

शेवटी रांगेत उभा होतो तेवढ्यात आई शोधत आली. पिशव्या खाली टेकवून तिनं एकदा खांबांकडे बघितलं.

"पेशवीणबाई इथे राहायच्या? मग तुळशीबाग अगदी हाकेवर पडत असेल त्यांना."